पम्मीच्या गालांचा ब्रश

आपल्याकडे पावडर तळहाताने लावतात. डबा उलटा करायचा, तळव्यावर ढीग पाडायचा, दोन्ही हात एकमेकांवर चोळायचे आणि भिंतीला चुन्याचा हात द्यावा तसे तोंडावरून फिरवायचे. उरलेली पावडर मानेला, त्यातूनही उरली तर बनियनच्या आत. आमचे हे ऑफिसला निघताना रोज असे तयार होत आणि कानांच्या पाळ्या पांढऱ्या घेऊन बाहेर पडत. मी पुण्याला सौंदर्यप्रसाधनाचा रीतसर कोर्स केलेली बाई. ज्या बाईच्या नवऱ्याचे कान असे, तिच्याकडे चंदीगडच्या बायका चेहरा घेऊन का येतील, ही माझी धंद्यातली पहिली काळजी होती.

ह्यांची केंद्र सरकारची नोकरी. बदली होऊन आम्ही तिथे गेलो तेव्हा शहर अगदी नवं होतं. रस्ते रुंद, झाडं लहान, आणि पत्ता विचारला की गल्लीबोळाच्या नावाऐवजी लोक नुसता आकडा सांगत. बावीस सेक्टरात तळमजल्यावर भाड्याचं घर मिळालं. त्याच्या पुढच्या खोलीत मी एक खुर्ची, एक मोठा आरसा मांडला आणि दारावर पाटी लावली. तेव्हा त्या भागातली मराठी माणसं म्हणजे मोठ्या इस्पितळातले डॉक्टर, नाहीतर आमच्यासारखी बदलीवाली. त्यामुळे सुरुवातीला दोघीतिघी मला त्वचेची डॉक्टरीण समजून नायटा दाखवायला आल्या. मी त्यांना परत पाठवलं, पण पाठवताना भुवया नीट करून पाठवलं. धंदा असा सुरू झाला.

बाहेरच्या माणसाला वाटतं, पावडर लावण्यात शिकण्यासारखं काय असतं? सांगते. पावडर कोणती हा प्रश्न दुसरा. ती कशाने लावायची हा पहिला. कापसाच्या बोळ्याने लावली तर ती एका जागी फार, दुसऱ्या जागी काहीच नाही, आणि वर कापसाचे तंतू मिशांसारखे चिकटतात. ओल्या स्पंजने जाड रंग बसवता येतो. नाटकाला तो ठीक, घराला नाही. मखमली पफ हे भरवशाचं हत्यार, पण तो घासायचा नसतो. पफवर पावडर घ्यायची, पफ दुमडून आतल्या आत चोळायचा म्हणजे पावडर त्यात मुरते. मग चेहऱ्यावर दाबायचा, जरासा फिरवायचा आणि उचलायचा. अशी दाबलेली पावडर हलत नाही. पंजाबी लग्नात पहाटे पाठवणीच्या वेळी नवरी जे रडते, त्याला पफच पुरा पडतो. ब्रशचं उलट आहे. ब्रश थोडंसं घेतो आणि त्याहून थोडं ठेवतो. ज्या चेहऱ्यावर पावडर दिसता कामा नये, पण असायला मात्र हवी, त्या चेहऱ्याला ब्रश. शेवटचा हात नेहमी वरून खाली, कारण गालावरची लव खाली वळलेली असते. खालून वर हात गेला की लव उभी राहते आणि उन्हात चेहरा पीठ सांडल्यासारखा दिसतो.

आणि हत्यार धुवायचं असतं. हे तर कुणाच्या गावीही नसे. एका निवृत्त ब्रिगेडिअरांच्या पत्नी माझ्याकडे येत. त्यांच्याकडे परदेशातून आणलेला पिसांचा पफ होता, चांदीच्या डबीत, आणि खराब होईल म्हणून त्यांनी तो आणल्यापासून पाणी दाखवलेलं नव्हतं. हनुवटीवर पुटकुळ्यांचा बाजार भरलेला. दोष सगळा चंदीगडच्या पाण्याला. एकदा त्या केस कापायला बसल्या असताना मी तो पफ रिठ्याच्या पाण्यात टाकला. पिसं भिजून तो एवढासा झाला. ते पाहून बाईंना रडू कोसळायचंच बाकी राहिलं. "मिसेस जोशी, आपने इसका खून कर दिया," एवढंच म्हणाल्या. संध्याकाळी सावलीत वाळून तो पुन्हा कोंबड्यासारखा फुलला आणि थोड्याच दिवसांत हनुवटी स्वच्छ झाली. मग ही बातमी त्यांनी क्लबात अशी काही पसरवली की फौजेतल्या बायका आपापले पफ पिशवीत घालून माझ्याकडे आंघोळीला आणू लागल्या.

पण माझ्या धंद्यात माझा कस लागला तो आमच्या मागच्या लेनमधल्या पम्मीपायी.

तिचं नाव परमजीत. मुलींच्या शाळेत भूगोल शिकवायची. उंच, डोळे बोलके, चालणं ऐटीचं. लहानपणी देवी येऊन गेल्या होत्या आणि दोन्ही गालांवर त्यांचे खोल वण राहिले होते. तिची आई, हरबंस भाभी, माझ्याकडे मेंदी लावायला येई आणि डोक्यावर मेंदीचा थापा घेऊन पम्मीच्या लग्नाची चिंता करत बसे. वर्षापूर्वी एक स्थळ जवळजवळ जमलं होतं. मुलाकडचे संध्याकाळी आले तेव्हा आईने बाजारातल्या एका बाईकडून पम्मीचे गाल जाड रंगाने लिंपून घेतले होते. ट्यूबलाइटखाली पसंती झाली, तोंड गोड झालं. आणि पुढल्याच आठवड्यात मुलाची आई सकाळी सहज म्हणून दारात उभी राहिली, तर समोर पम्मी धुतल्या तोंडाने दोरीवर कपडे वाळत घालत होती. बाई चहाही न घेता गेली. तिने वणांना नावं ठेवली नाहीत. "हमसे छिपाया," एवढंच बोलली, आणि तेवढं सबंध लेनला ऐकू गेलं.

आता दुसरं स्थळ आलं होतं. मुलगा वीज खात्यात इंजिनीअर, नाव गुरदीप. या वेळी पम्मीने अट घातली: भेट घरात नको, सुखना तळ्यावर, दिवसाउजेडी. ती माझ्याकडे आली तेव्हा आई मागे होतीच.

"आंटीजी, मम्मी कहेंगी मोटा लगाओ. आप मत लगाना," पम्मी म्हणाली.

"तो मैं क्या करूँ?" मी माझ्या मराठी हिंदीत विचारलं. "ऐसेही जाना है तो मेरे पास किसलिये आयी?"

ती आरशात बघत म्हणाली, "बिल्कुल ऐसे गई तो लगेगा ज़िद दिखाने आई है. मुझे भी अच्छा लगना है, आंटीजी. सब लड़कियों को लगता है. बस, मैं ही लगूँ. कोई और नहीं."

हरबंस भाभी माझ्याकडे वळली. "बहनजी, ये पढ़ी-लिखी है, इसको बोलना आता है. मैं माँ हूँ. एक बार और लौट गए तो कौन आएगा?" आणि ती दाराला टेकून पदराआड रडू लागली. त्या दोघींपैकी चूक कोण, हे मला तेव्हाही सांगता आलं नसतं. आई घाबरली होती ते लेकीच्या प्रेमानेच. पण खुर्चीत ज्याचा चेहरा, त्याचं ऐकायचं, हा माझा शिरस्ता. मी हो म्हणून बसले.

हो म्हणणं सोपं होतं. वणांच्या चेहऱ्यावर पफ दाबला की पावडर खळग्यांत भरते. तासाभराने त्वचेचं तेल वर येतं, बाकीचा चेहरा आपला रंग धरतो आणि खळगे पांढरे ठिपके होऊन चमकू लागतात. तळ्यावर हिवाळ्यातलं चार वाजताचं ऊन, बाजूने तिरपं येणारं, म्हणजे एकेक खळगा मोजून दाखवणारं. मला हवा होता भरगच्च, गोल, मऊ ब्रश, जो खळग्यावरून नुसता जाईल, आत उतरणार नाही. बाजारात मिळायचे ते ब्रश डब्याबरोबर येणारे, चार केसांचे. आमचे हे म्हणाले, "मग दाढीचा ब्रश घे माझा." ते चेष्टेत बोलले. मी दुसऱ्या दिवशी सकाळी बसमध्ये बसून इंडस्ट्रियल एरियात गेले.

तिथे एका शेडमध्ये करनैलसिंगांचा दाढीचे ब्रश बांधायचा कारखाना होता. कारखाना म्हणजे स्वतः ते, दोन कारागीर, आणि केसांच्या जुड्यांचे ढीग. छातीवर रुळणारी पांढरी दाढी. मी काही बोलायच्या आत तेच म्हणाले, "हाँ जी, हँस लो. सब हँसते हैं. सरदार होकर दुनिया की दाढ़ी मुंडवाता हूँ." मी माझं काम सांगितलं. बाईच्या गालासाठी ब्रश, ही मागणी त्यांच्याकडे पहिलीच होती. त्यांनी बकरीच्या केसांची एक जुडी काढली, बोटांवर फिरवली आणि म्हणाले, "ये चलेगा. परसों आओ."

तिसऱ्या दिवशी ब्रश तयार होता, दिसायला इतका देखणा की मी तिथेच हरखले. घरी येऊन पम्मीच्या गालावर फिरवला, तर पावडरीच्या बारीक रेघा उमटल्या, आणि तिला तो टोचला. ब्रश घेऊन मी परत शेडमध्ये. करनैलसिंगांनी तो स्वतःवर लावून बघायचं ठरवलं, पण लावणार कुठे? गाल दाढीखाली, कपाळ पगडीखाली. शेवटी त्यांनी डोळा मिटला आणि पापणीवर ब्रश फिरवला. फिरवताच दचकले. "चुभता है," म्हणाले. मग ब्रश उजेडात धरून त्याची टोकं बोटाने चाचपू लागले.

तेव्हा आम्हा दोघांना एकदमच कळलं. ब्रश गोल दिसावा म्हणून त्यांनी तो वरून कात्रीने छाटला होता. दाढीच्या ब्रशला ते चालतं, साबणाच्या फेसात काय कळणार. पण बकरीच्या केसाचं टोक जन्मतः निमुळतं आणि मऊ असतं. ते कापलं की राहतो नुसता बुंधा. टोक राखायचं आणि तरी गोलाई आणायची, तर कसं? मी म्हणाले, "ऊपर से मत काटिये, नीचे से काटिये." त्यांनी माझ्याकडे पाहिलं, उठले, आणि चहाची कटोरी धुऊन आणली. केसांची जुडी टोकं खाली करून कटोरीत उभी केली, हलकेच ठोकत राहिले, टोकं कटोरीच्या तळाच्या गोलाईवर बसेपर्यंत. मग तशीच घट्ट दोऱ्याने बांधली आणि मागचे बुंधे कापून टाकले. उलटी केली, तर वर गोल घुमट, आणि त्याला कात्री लागलेली नाही. या वेळी पापणीवर फिरवून त्यांनी डोळा उघडलाच नाही. "एक बार फिर," म्हणाले आणि पुन्हा फिरवला. तसा ब्रश मला पुढे कुणी बांधून दिला नाही. करनैलसिंग गेल्यावर शेड बंद पडली आणि बांधायचा कसा ते मी त्यांच्याकडून शिकून घेतलं नाही, याची हळहळ आजही आहे.

पावडरीचा रंगही जुळवावा लागला. तेव्हा दुकानात मिळायची ती गुलाबी, नाहीतर खडूसारखी पांढरी. मी गुलाबीत पुण्याहून आणलेली गडद शेडची पावडर मिसळून मलमलच्या फडक्यातून चाळत गेले, पम्मीच्या गव्हाळ रंगाला लागेपर्यंत. चाळून चाळून खोलीभर धूर. आमचे हे म्हणाले, "आता घरालाच मेकअप झाला." पण रंग जमला आणि पम्मीने उन्हात उभं राहून आरशात बघून मान हलवली.

भेटीच्या दिवशी दुपारी दोघी मायलेकी आल्या. पम्मीचा चेहरा पाहून मी हातातला ब्रश खाली ठेवला. चेहरा तुपकट चकाकत होता. मी आईकडे पाहिलं.

"मलाई मली है," हरबंस भाभी हळूच म्हणाली. "सर्दी में रूखा लगता है ना. घर की भैंस की मलाई है, बहनजी. मैंने प्यार से मली."

प्रेमात खोट नव्हती. पण साय खळग्या-खळग्यांत जाऊन बसली होती. त्यावर ब्रश फिरवला असता तर पावडरीचे गोळे झाले असते आणि सगळ्या चेहऱ्यावर कणिक भिजवल्यासारखं दिसलं असतं. पंजाबात हिवाळ्यात घरोघरी हा उपाय, पण त्याबद्दल आधी बजावून ठेवायला हवं, हे माझ्या स्वप्नातही आलं नव्हतं. साबणाने धुतलं असतं तर गाल लाल होऊन ताणले असते. मी बेसन कोमट पाण्यात कालवून हलक्या हाताने लावलं, धुतलं, मग ह्यांच्या जुन्या धोतराचा मऊ तुकडा कोमट पाण्यात पिळून गालांवर नुसता दाबत राहिले. पुसायचं नाही, दाबायचं. दाबायचं आणि फडकं बदलायचं. भाभी घड्याळ बघत होती. पम्मी डोळे मिटून बसली होती आणि तिचे हात खुर्चीच्या दांड्यांवर आवळलेले होते. फडक्यावर तेलाचा डाग उमटायचा थांबला तेव्हाच मी ब्रश हातात घेतला.

ब्रश पावडरीत टेकवला, मनगटावर झटकला, म्हणजे त्यात उरलं ते फक्त नावाला. गोल गोल, हवेतून जावा तसा. मग कपाळापासून खाली, एकदाच. डोळ्यांत काजळ. बस. भाभी जवळ येऊन बघत राहिली आणि म्हणाली, "लगाया भी है?" मी म्हणाले, "लगाया है."

भाभीने मलाही सोबत नेलं, शेजारची मावशी म्हणून. सुखनावर ऊन नेमकं मला भीती होती तसंच होतं. फिरायच्या रस्त्यालगतच्या कट्ट्यावर आम्ही बसलो. गुरदीप, त्याची आई, आणि लुधियान्याहून आलेली त्याची बुआ, म्हणजे आत्या. सगळा कारभार बुआच्या हातात होता, ते पहिल्या नमस्कारालाच कळलं. गुरदीप थोडं बोलला. शाळेचं विचारलं, भूगोल मुलींना आवडतो का विचारलं. पम्मी म्हणाली, नकाशे आवडतात, पाठांतर नाही. तो हसला. सगळं बरं चाललं होतं.

मग बुआने रुमाल काढला, त्याचं टोक ओठांनी ओलं केलं आणि मायेने म्हणाली, "पुत्तर, तेरा काजल फैल गया है. इधर आ."

काजळ पसरलेलं नव्हतं. ते मीच घातलं होतं. आमच्या धंद्यातल्या बायकांना हा रुमाल चांगला ठाऊक असतो. काजळ पुसायच्या निमित्ताने गाल पुसायचा आणि खाली काय आहे ते बघायचं. वाण्याकडची डाळ चिमटीत चोळून बघावी तसं. भाभीने माझा हात घट्ट धरला, इतका की बांगडी रुतली. बुआने रुमाल डोळ्याखालून सुरू केला आणि जबड्यापर्यंत आणला, चांगला दाबून. मग रुमाल बघितला. त्यावर गव्हाळ रंगाची पुसटशी छटा. मग गाल बघितला. मग दुसरा गाल. मग परत पहिला.

पम्मीने मान वळवून दुसरा गाल पुढे केला. आवाज वर्गात शिकवतानाचा, स्वच्छ. "बुआजी, ये भी पोंछ लीजिए. दोनों तरफ़ वही है. छह साल की थी, जब माता निकली थी."

तिकडे देवीला माता म्हणतात. बुआचा रुमाल हवेत राहिला. तेवढ्यात गुरदीप, जरा अवघडून, पण सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलला. "बुआजी, रहने दो. मैं तो जब से आए हैं, तब से देख रहा हूँ. धूप में बैठे हैं, दिखता है सब. मुझे ठीक लगीं."

बुआ खमकी बाई होती. ती ना हिरमुसली, ना सावरासावर करत बसली. रुमालाची घडी करून पिशवीत टाकली, पम्मीची हनुवटी धरून चेहरा उन्हाकडे वळवला, पुन्हा एकदा निवांत बघितला, आणि भाभीला म्हणाली, "सच्ची कुड़ी है. चाय मँगवाओ." भाभी माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडली आणि रडता रडता चहावाल्याला हाकाही मारत राहिली.

बैसाखीनंतर लग्न झालं. तेव्हाही तोच ब्रश होता. बुआने स्वतः माझ्या खुर्चीत बसून "मुझे भी वही, जो दिखता नहीं" म्हणून लावून घेतलं. मोठमोठ्या घरच्या नवऱ्या पुढे माझ्याकडे आल्या, नाव झालं, सगळं झालं. पण मला विचाराल तर माझ्या हाताला यश आलं ते त्या दुपारी, कट्ट्यावर.

चहा येईपर्यंत मी हळूच पर्समधून ब्रश काढला होता, पुसलेला गाल सारखा करून द्यावा म्हणून. पम्मीने पाहिलं आणि नुसतं डोळ्यांनी नको म्हटलं. मग ती तशीच बसली. एका गालाला माझी पावडर, दुसरा बुआने पुसलेला, आणि तिरपं ऊन सरळ तोंडावर. गुरदीप कसल्याशा वीज बंद पडल्याच्या गोष्टी सांगत होता, ती मान मागे टाकून हसत होती, इकडे वळत होती, तिकडे वळत होती. आणि कप हातात धरून मी बघत राहिले, कारण त्यातला पुसलेला गाल कोणता, हे आता मलाही ओळखता येईना.